सल्ला सदर : यादीत नाव वर, पण रुजू सगळ्यांच्या मागून

पत्राचा सारांश : मराठवाड्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेत शिक्षण सेवक (सुरुवातीची तीन वर्षं ठरावीक मानधनावर असलेल्या शिक्षक) म्हणून काम करणाऱ्या 34 वर्षांच्या वाचक भगिनींचं हे पत्र आहे. डी.एड. होऊन बरीच वर्षं झाली. भरती बंद होती, त्या काळात त्यांनी विनाअनुदानित शाळेत शिकवलं. शिक्षक पात्रता परीक्षा (टीईटी) उत्तीर्ण झाल्या, 2023 ची शिक्षक भरतीची अभियोग्यता चाचणी दिली आणि फेब्रुवारी 2024 मध्ये शिक्षक भरतीच्या पवित्र पोर्टलवर प्रकल्पग्रस्तांच्या (धरणासारख्या प्रकल्पात जमीन गेलेल्या कुटुंबांच्या) समांतर आरक्षणातून त्यांची शिफारस झाली. नाव यादीत दिसताच त्यांनी जुन्या शाळेचा राजीनामा दिला. बरोबरच्या बहुतेकांना मार्च 2024 मध्ये आदेश मिळाले. यांचं प्रकल्पग्रस्त प्रमाणपत्र मात्र पडताळणीला गेलं ते गेलंच, आणि आदेश हातात पडला मे 2025 मध्ये. गुणवत्तेत त्यांच्या खाली असलेली, अभ्यासिकेतली मैत्रीण शेजारच्या केंद्रात वर्षभर आधीपासून शिकवते आहे. आता उशिरा आदेश मिळालेल्यांचा व्हॉट्सॲप गट वर्गणी काढून उच्च न्यायालयात जायचं म्हणतो आहे. यजमान म्हणतात, "मिळाली ना नोकरी? गप्प बस. खात्याशी वाकडं घेऊन कुणाचं भलं झालंय?" वाचक भगिनी विचारतात : "मला 14 महिन्यांचं मानधन, म्हणजे 2 लाख 24 हजार रुपये, आणि न्याय हवा आहे. कोर्टात जाऊ की गटातले बाकीचे लढतील त्याचा फायदा आपोआप मिळेल, तोवर थांबू?"

ताई,

तुमच्या पत्रात 2 लाख 24 हजार हा आकडा तीनदा आला आहे. म्हणून सुरुवात तिथूनच करते.

महिन्याचं मानधन 16 हजार, गुणिले 14, हिशेब बरोबर आहे. पण तुमच्या सगळ्या मागण्यांत मिळायला सगळ्यात अवघड आहे ती हीच. ज्या काळात प्रत्यक्ष काम केलं नाही, त्या काळाचा पगार न्यायालयं सहसा देत नाहीत. तुमची तयारी असताना तुम्हाला विनाकारण बाहेर ठेवलं, असा युक्तिवाद करता येतो आणि क्वचित तो मान्यही होतो. पण सगळी आशा त्यावर ठेवू नका.

आता तुम्ही न केलेला हिशेब करू. शिक्षण सेवकाचा कालावधी तीन वर्षांचा. मैत्रिणीची तीन वर्षं मार्च 2027 च्या सुमारास भरतील, तुमची 2028 मध्ये. तिला नियमित वेतनश्रेणी लागेल, मूळ वेतन 29,200 पासून सुरू होईल, तेव्हा तुम्ही आणखी 14 महिने 16 हजारांवरच असाल. नुसत्या मूळ वेतनातला फरक 13,200 गुणिले 14, म्हणजे 1 लाख 84 हजार 800. महागाई भत्ता धरला तर हा आकडा तुमच्या 2 लाख 24 हजारांच्या पुढे जाईल. हे नुकसान अजून व्हायचं आहे. याशिवाय वेतनवाढ मागे, 12 वर्षांनंतरची वरिष्ठ वेतनश्रेणी मागे, ज्येष्ठता यादीत नाव मागे, आणि ज्येष्ठतेवर जे जे मिळतं ते सगळंच मागे. गेलेल्या पैशांपेक्षा तारखेचं मोल कितीतरी जास्त आहे. तुम्हाला मागायचा आहे तो मानीव दिनांक : गुणवत्ताक्रमात माझ्या खालच्या उमेदवारास ज्या दिवशी नियुक्ती मिळाली, त्या दिवसापासून मी नियुक्त आहे असं मानावं.

हे मिळू शकतं का? मिळू शकतं. केरळमधल्या न्यायिक अधिकाऱ्याच्या सी. जयचंद्रन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये हेच केलं. निवड प्रक्रियेतल्या चुकीमुळे त्यांची नियुक्ती मागे राहिली होती. बरोबरचे ज्या दिवशी नियुक्त झाले, त्या दिवसापासून त्यांना काल्पनिक (म्हणजे कागदोपत्री मागच्या तारखेची) नियुक्ती आणि ज्येष्ठता मिळाली. पद जिल्हा न्यायाधीशाचं असलं तरी तत्त्व शिक्षकालाही लागू पडतं.

तरीही कुणी "हमखास जिंकू" म्हणत असेल तर त्याच्यापासून दोन हात लांब राहा. 1991 च्या शंकरसन दाश खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने स्पष्ट केलं आहे की निवड यादीत नाव आल्याने नियुक्तीचा अबाधित हक्क तयार होत नाही. मात्र त्याच निकालात दुसरी बाजूही आहे. जागा भरायच्या की नाही हे सरकार ठरवू शकतं, पण मनमानी करू शकत नाही, आणि जागा भरायला घेतल्या की गुणवत्ताक्रम पाळावाच लागतो. तुमचं प्रकरण या दुसऱ्या भागात येतं. तुमची जागा होती आणि तुम्हालाच मिळाली, फक्त उशिरा. मग न्यायालय विचारणार, उशीर कुणामुळे झाला?

पत्रातलं एक वाक्य तुम्ही भरभर लिहून पुढे गेलात, मी मात्र तिथे थांबले. "प्रमाणपत्र आधी आजोबांच्या नावे होतं, माझ्या नावे हस्तांतरण झाल्याचा आदेश मी एप्रिलच्या शेवटी दिला." म्हणजे कागदपत्र तपासणीच्या दिवशी तुमची फाइल पूर्ण नव्हती. याने दावा बुडत नाही, पण जिल्हा परिषदेचे वकील उत्तराच्या शपथपत्रात पहिला मुद्दा हाच घेतील. तुमच्या स्वतःच्या वकिलांना तो तिथे पहिल्यांदा कळता कामा नये. त्यांना आजच सांगा. चांगला वकील मग दोन मागण्या करील. मुख्य मागणी मार्च 2024 ची. ती मान्य नसेल तर पर्यायी मागणी, हस्तांतरणाचा आदेश दाखल झाल्यावर पडताळणीला जेवढा वाजवी वेळ लागायला हवा होता, तेवढा सोडून पुढची तारीख. शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्या आणि दिरंगाईविषयीचा 2005 चा कायदा, ज्याला सगळे दप्तर दिरंगाई कायदा म्हणतात, तो सांगतो की कोणत्याही कर्मचाऱ्याने फाइल कामकाजाच्या सात दिवसांपेक्षा जास्त अडकवून ठेवू नये, आणि दुसऱ्या विभागाशी विचारविनिमय करावा लागला तरी निर्णयाला तीन महिन्यांची मर्यादा आहे. तुमचा कागद त्यापेक्षा कितीतरी अधिक काळ पडून होता. मार्च ते जून 2024 मध्ये लोकसभेची आचारसंहिता होती, ती समोरचे पुढे करतील. ते महिने सोडून दिले तरी उरलेल्या काळाचं उत्तर त्यांना द्यावंच लागेल.

हे सिद्ध करायचं तर कागद हवेत, आणि ते आज तुमच्याजवळ नाहीत. म्हणून कोर्टाआधी माहिती अधिकाराचा अर्ज. एक जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागाला आणि दुसरा जिल्हा पुनर्वसन कार्यालयाला. "माझ्या नियुक्तीला उशीर का झाला?" असं विचारू नका. "का"ला उत्तर येत नाही, "सदर माहिती अभिलेखात उपलब्ध नाही" एवढंच येतं. कागद मागा : माझं प्रमाणपत्र पडताळणीसाठी पाठवल्याच्या पत्राची जावक क्रमांकासह प्रत, पुनर्वसन कार्यालयात ते पोचल्याची आवक नोंद, दरम्यानची स्मरणपत्रं, अहवालाची प्रत, आणि नियुक्तीच्या नस्तीवरील (फाइलवरील) टिप्पणीची प्रत. उत्तराला 30 दिवसांची मुदत असते. नाहीच आलं तर पहिलं अपील. माझा अंदाज विचाराल तर दोन कार्यालयांच्या मधल्या काळात कुठेतरी सहा-सात महिने एकही पत्र नसणार. तुमचा सगळ्यात मोठा पुरावा म्हणजे तो मोकळा काळ.

त्याच आठवड्यात मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या नावे निवेदन द्या. एका पानाचं पुरे. वर्षानुवर्षांची व्यथा, आजोबांची धरणात गेलेली जमीन, घरची परिस्थिती, हे सगळं खरं असलं तरी निवेदनात नको. शिफारस क्रमांक, गुणवत्ताक्रम, खालच्या क्रमांकाच्या उमेदवाराचा रुजू दिनांक, माझा रुजू दिनांक, माझी मागणी. संपलं. बारनिशीत (आवक-जावक टेबलावर) देताना दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय टेबल सोडू नका. "ठेवून जा मॅडम, साहेब आल्यावर देतो" हे ऐकून घरी आलेल्या कित्येकांचं निवेदन पुढे कुणालाच सापडलेलं नाही. शिक्का मिळेना तर पोचल्याचा पुरावा मिळेल अशा स्पीड पोस्टने पाठवा.

जिल्हा परिषद तात्पुरती ज्येष्ठता यादी प्रसिद्ध करून हरकती मागवते, तेव्हा मुदतीत लेखी हरकत घ्यायला विसरू नका. एकाच निवड प्रक्रियेतल्या सरळसेवेच्या (थेट भरतीच्या) उमेदवारांचा आपसातला क्रम सर्वसाधारणपणे गुणवत्तेने लागतो. नुसत्या हरकतीवरही ज्येष्ठतेचा भाग सुटू शकतो. यादी अंतिम झाल्यावर चार वर्षांनी जाग आली तर तेच काम दसपट अवघड होतं.

आता तुमचा दुसरा प्रश्न : बाकीचे लढतील, मी थांबू का?

थांबू नका. एकाला मिळालेला लाभ सारख्याच परिस्थितीतल्या इतरांना द्यावा हे तत्त्व आहे, आणि लोक त्यावर फार विसंबतात. सर्वोच्च न्यायालयाने 2014 च्या अरविंद कुमार श्रीवास्तव प्रकरणात हे तत्त्व मान्य केलं, पण लगेच अपवादही सांगितला. अन्याय मुकाट्याने सोसून, दुसरे जिंकल्यावर जागे होणाऱ्या कुंपणावरच्या मंडळींना तो लाभ मागता येईलच असं नाही. शिवाय तुमच्या गटात सारखी परिस्थिती आहे तरी किती जणांची? तुमच्याच पत्रावरून दिसतं की काहींचे आदेश आचारसंहितेमुळे लांबले, दोघांच्या टीईटी प्रमाणपत्रांची चौकशी होती, एकीच्या जातवैधतेचा प्रश्न होता. "उशीर" हा शब्द सोडला तर यांच्यात समान काही नाही. सगळ्यांची एकच मोट बांधली तर सगळ्यात कमकुवत प्रकरणाचे प्रश्न तुमच्याही गळ्यात पडतील. प्रकल्पग्रस्त आणि भूकंपग्रस्त प्रमाणपत्रांच्या पडताळणीत अडकलेले तिघे-चौघे असतील तर त्यांच्याबरोबर वेगळी याचिका करा.

निवेदनावर निवेदन देत राहिलं की मुदत जिवंत राहते, हाही एक लाडका गैरसमज. सी. जेकब प्रकरणात 2008 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो मोडीत काढला आहे. जुन्या दाव्यावर नवं निवेदन देऊन, त्याला उत्तर मिळवून, दावा ताजा करता येत नाही. त्याच वर्षीच्या तरसेम सिंग निकालातला भेद तुमच्या फार उपयोगाचा आहे. वेतन किंवा निवृत्तिवेतन चुकीचं ठरलं तर दर महिन्याला नवं नुकसान होतं, म्हणून उशिरा आलेल्यालाही न्यायालय ऐकून घेतं, फक्त थकबाकी साधारणपणे तीन वर्षांपुरती देतं. ज्येष्ठतेचं तसं नाही, तिथे दुसऱ्यांचे हक्क ठरून गेलेले असतात. म्हणून एक निवेदन, त्याला फार तर दोन महिने वाट, आणि मग वकिलाकडे. तुम्हाला रुजू होऊन अजून फार दिवस झालेले नाहीत. ही तुमची जमेची बाजू आहे, ती घालवू नका.

दुसऱ्यांच्या हक्कांवरून तुमच्या मैत्रिणीची गोष्ट येते. ज्येष्ठतेत तिच्या वर जायचं असेल तर तिला प्रतिवादी करावं लागेल. ज्याच्यावर परिणाम होणार त्याला न ऐकता न्यायालय आदेश देत नाही, आणि अशा लोकांना पक्षकार केलं नाही म्हणून चांगल्या चांगल्या याचिका फेटाळल्या गेल्या आहेत. नोटीस शाळेत येते, मुख्याध्यापकांसमोर सही करून घ्यावी लागते. ती घटना तिच्या दृष्टीने काय असेल, विचार करा. आधी तुम्हीच तिच्या घरी जा, चहा घ्या आणि सांगा : तुझी नोकरी, तुझा पगार, तुझी शाळा, कशालाही धक्का नाही, फक्त यादीतला क्रम गुणवत्तेप्रमाणे लागावा एवढंच मागते आहे, आणि कायद्यामुळे तुझं नाव घालावं लागतंय. कदाचित रागावेल. पण नोटिशीतून कळण्यापेक्षा ते बरं. सेवक कालावधी मागच्या तारखेपासून मोजावा या मागणीने मात्र तिचं काहीच जात नाही. ज्येष्ठता सोडून तेवढीच मागायची असेल तर मैत्रीला हात न लावताही जाता येतं. हा निर्णय तुमचा. मी तुमच्या जागी असते तर दोन्ही मागितलं असतं.

यजमानांची भीती मी हसण्यावारी नेणार नाही. सेवक कालावधीतलं काम समाधानकारक आहे असा शेरा लागतो आणि तो देणारी माणसं त्याच यंत्रणेतली असतात. तरीही जिल्हा परिषदेत सेवाविषयक याचिका रोजच्या आहेत. प्रतिवादी म्हणून सचिव, मुख्य कार्यकारी अधिकारी, शिक्षणाधिकारी ही पदं असतात, माणसं नाहीत, आणि तुमची याचिका येईल तेव्हा त्यांतली निम्मी माणसं बदलून गेलेली असतील. ज्यांनी फाइल अडकवली ती व्यक्ती बहुधा आज त्या टेबलावरही नसेल. टोमणे मात्र ऐकावे लागतील. केंद्राच्या बैठकीत "या आमच्या कोर्टवाल्या मॅडम" होईल. वर्गाचं काम, टाचण, हजेरी यांत बोट ठेवायला जागा ठेवू नका, आणि कोर्टाच्या कामाला रजेचा अर्ज दिल्याशिवाय जाऊ नका. तशी जाण्याची गरजही फारशी पडत नाही. शपथपत्रावर आणि वकालतनाम्यावर सही झाली की तारखांना वकील असतात आणि प्रकरणाची स्थिती मोबाइलवर दिसते.

कुठे जायचं, याबद्दल गटात गोंधळ दिसतो. कुणीतरी मॅट म्हटलं आहे. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे, जिल्हा परिषदेचे शिक्षक त्यात येत नाहीत. तुमची रिट याचिका उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात. आणि वर्गणीचं म्हणाल तर, विधी सेवा प्राधिकरणाच्या 1987 च्या कायद्याप्रमाणे स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते. खंडपीठातही विधी सेवा समिती आहे. मोफत म्हणजे हलका वकील, हा समज सोडून एकदा चौकशी तर करा.

तुमच्यासारखी पत्रं आणखी आली आहेत, म्हणून त्या वाचकांसाठी थोडं. ज्यांची शिफारस झाली आहे पण आदेशच निघालेला नाही, त्यांनी मानीव दिनांकाचा विचार नंतर करावा. आधी न्यायालयाकडून एक जागा रिक्त ठेवण्याचा अंतरिम आदेश मागा. पुढच्या फेरीत ती भरली गेली तर जिंकूनही हाती काही लागत नाही. दुसऱ्या कुणाच्या याचिकेमुळे तुमची भरती अडली असेल तर बाहेर बसून निकालाची वाट पाहू नका, आमचंही ऐका असा हस्तक्षेप अर्ज त्या याचिकेत करा. सरकारच्या बाजूने सरकारी वकील बोलतात, निवड झालेल्यांच्या बाजूने बोलायला अनेकदा कुणीच नसतं. खाजगी अनुदानित शाळेत रुजू होऊनही शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता अडलेल्यांचा प्रश्न वेगळा आहे. शाळा न्यायाधिकरण बडतर्फी, पदावनती, डावलणं यांसाठी आहे. मान्यतेला शिक्षणाधिकारी उशीर करत असतील तर तिथेही रिटच करावी लागते. आणि सगळ्यांना एक कळकळीची सूचना : पोर्टलवरची शिफारस म्हणजे नियुक्ती आदेश नव्हे. आदेश हातात येईपर्यंत असलेली नोकरी सोडू नका.

ही सूचना वाचून तुम्हाला तुमचा राजीनामा आठवला असेल. त्यावरून स्वतःला बोल लावत बसू नका. 2 मे 2012 च्या शासन निर्णयाने भरतीला खीळ बसली, पहिली अभियोग्यता चाचणी व्हायला 2017 चा डिसेंबर उजाडला आणि दुसरीला 2023. इतकी वर्षं वाट पाहिलेल्या माणसाने यादीत नाव दिसताच पेढे वाटले आणि राजीनामा दिला, तर त्यात शहाणपण कमी पडलं असं मी म्हणणार नाही. पण ते महिने बिनपगारी गेले त्याची भरपाई या याचिकेतून करायला जाऊ नका. मानधनाची मागणी याचिकेत असू द्या, शेवटची मागणी म्हणून. वकिलांनी ती सोडायला सांगितली आणि तिच्या बदल्यात तारीख पदरात पडत असेल, तर सोडा.

गटाला वर्गणी देण्याआधी त्या वकिलांना तीन गोष्टी विचारा : याचिकेतली नेमकी मागणी काय, माझ्या खालच्या उमेदवारांना प्रतिवादी करणार का, आणि माझ्या पैशाची पावती माझ्या नावाने मिळणार का. माहिती अधिकाराची उत्तरं आली की मला पुन्हा लिहा. पडताळणीचं पत्र पुनर्वसन कार्यालयात पोचल्याची तारीख तेवढी पहिल्या ओळीत लिहा.